आधी खळ्यावर, मग पडद्यावर

दिघीच्या जेट्टीवरून फोन आला तेव्हा मी कोलंबी सोलत होते. हात ओले, म्हणून कोपरानेच फोन दाबून स्पीकरवर टाकला. तिकडून फेरीबोटीच्या तिकीटखिडकीवरचे सलीमभाई बोलत होते. "ताई, तुमचे भाऊ इथं बाकावर बसलेत." मी म्हटलं, "बसलेत तर बसू द्या की! त्याला कुठे कसली घाई असते?" माझा धाकटा भाऊ हरिश्चंद्र, आमचा हरी, दिघीहून आगरदांड्याला परत येताना दोन-दोन फेऱ्या मुद्दाम सोडायचा. बाकावर बसून चढणारी-उतरणारी माणसं बघायचा, वहीत काहीबाही टिपायचा. सलीमभाई म्हणाले, "नाही ताई... तिसरी फेरी गेली. मी चहा घेऊन गेलो, तर ते... बसलेलेच आहेत." तरी माझ्या डोक्यात प्रकाश पडला नाही. मी म्हटलं, "चहात साखर घालू नका हं, त्याला चालत नाही." मग फोनवर त्या एवढ्या मोठ्या माणसाचं रडणं ऐकू आलं, तेव्हा मला कळलं. कोलंबी तशीच राहिली. नंतर शेजारणीने ती उचलून नेली असावी.

त्याला जाऊन आता पाच आठवडे झाले. एवढ्यात त्याच्यावर चार ठिकाणी लिहून आलं. लिहिणाऱ्यांचे आभार. पण त्या चारही लेखांत एक 'पण' होता आणि मला त्या 'पण'चा राग आहे. 'विनोदी लेखक म्हणून विलक्षण हुशार, पण हट्टी.' 'मालिकांमध्ये मोठं नाव झालं असतं, पण स्वतःच्या हाताने संधी घालवली.' एकाने तर 'गावाकडे परतलेला पराभूत कलावंत' असं लिहिलं. अहो, पराभूत कोण? तुम्ही त्याला कधी सकाळी दहा वाजता खळ्यावर बघितलंत का? मी बघितलंय, म्हणून मी लिहिते आहे. मी काही लेखिका नाही. पंचायत समितीत तीस वर्षं आवक-जावक सांभाळली, तेवढंच माझं लिखाण. पण जे झालं ते जसंच्या तसं लिहायची सवय त्यातच लागली. गोड लागलं नाही तरी वाचा.

आम्ही आगरी. वडील मिठागरावर मुकादम होते. ते काम सुटल्यावर त्यांनी थळला कोळीवाड्याला लागून हे घर घेतलं, त्याला आता पन्नास वर्षं होतील. घराच्या मागच्या अंगाला खळं, म्हणजे मासळी वाळवायची सारवलेली मोकळी जागा. एका बाजूला बांबूंवर बोंबील लटकलेले, दुसऱ्या बाजूला जवळा, म्हणजे बारकी बारकी सुकट, पसरलेला आणि त्याभोवती बायका बसून तो निवडतायत, हे बघतच आम्ही मोठे झालो. हरी लहानपणापासून वात्रट. मास्तरांची, तलाठ्याची, लग्नातल्या रुसलेल्या व्याह्याची नक्कल करायचा. आई म्हणायची, "नाव ठेवलं हरिश्चंद्र आणि पोरगा दिवसभर थापा मारतो." माझं लग्न झालं नाही आणि त्याचं टिकलं नाही, त्यामुळे शेवटची वीस-बावीस वर्षं या घरात आम्ही दोघंच होतो. भांडायचो भरपूर. तो माझ्या हातच्या आमटीला 'शासकीय आमटी' म्हणायचा, कारण ती रोज एकाच मापाची असायची.

कॉलेज अलिबागला झालं. मग तो मुंबईला गेला, एका छापखान्यात प्रुफं तपासायला. तिथून कुणा नाटकवाल्याच्या ओळखीने टीव्हीच्या कामात शिरला. पहिली चार वर्षं त्याने दुसऱ्याच्या नावावर विनोद लिहिले. आम्ही घरी टीव्हीसमोर बसायचो, हसायचो आणि शेवटी नावांची पाटी सरकायला लागली की आई डोळे बारीक करून विचारायची, "आपल्या हरीचं कुठे हाय?" ते कुठेच नसायचं. मग एकदाची ती मालिका आली. तिच्यात त्याचं नाव होतं, मोठ्या अक्षरांत. एका सोसायटीत मासळी विकायला येणारी फुलाबाई आणि तिच्यापायी होणारे घोटाळे, असा तो मामला. ही मालिका इतकी चालली की विचारू नका. ऑफिसात साहेबांनी मला केबिनमध्ये बोलावून चहा पाजला, लेखकाची बहीण म्हणून! तीस वर्षांच्या नोकरीत तो एकच चहा.

आता जे सांगते ते हरीने कधी कुठल्या मुलाखतीत सांगितलं नाही. कारण त्यात त्याची चूक होती. पण ती चूक झाली नसती तर तो साधासुधा यशस्वी माणूस होऊन मेला असता, म्हणून सांगते.

त्या मालिकेतला सगळ्यात गाजलेला भाग म्हणजे फुलाबाई सोसायटीच्या दारात टोपलीसकट घसरून पडते तो. पापलेटं फरशीवरून सुळकन जाऊन सोसायटीतल्या एका साहेबांच्या खुर्चीखाली, फुलाबाई चारी मुंड्या चीत आणि सगळी सोसायटी हसून लोळतेय. अख्खा महाराष्ट्र हसला. मीही हसले, खोटं कशाला बोलू! त्यानंतर पंधरा दिवसांनी हरी गावी आला आणि कौतुक करून घ्यायला म्हणून ऐटीत खळ्यावर गेला. मी सोबत होते. बायका जवळा निवडत होत्या. कुणी मान वर केली नाही. हात चालूच. जवळ्यातून कचरा बाजूला, बारकी मासळी बाजूला, खसखस खसखस. हरी उभा राहून राहून अवघडला. शेवटी त्यानेच विचारलं, "काय काकी, बघितलं का नाय टीव्हीवर?"

काकी म्हणजे गोमाकाकी. खळ्यावर तिचा शब्द चालायचा, अजून चालतो. तिने हातातलं काम न थांबवता विचारलं, "हरी, त्या बायचा हात मोडला क रं?"

"कुठल्या बाईचा?"

"टीवीवरच्या. पडली ना ती."

"नाय गो काकी, ती नटी हाय. खाली गादी टाकलेली असते."

"मंग बरा हाय तिचा," गोमाकाकी म्हणाली आणि पुन्हा जवळ्यात वाकली.

तेव्हा मी तिच्या डाव्या मनगटाकडे बघितलं. ते वाकडंच जुळलेलं होतं. त्याच्या तीन वर्षं आधी थळच्या जेट्टीच्या पायरीवर शेवाळावरून गोमाकाकी टोपलीसकट घसरली होती, पापलेटं पाण्यात गेली होती आणि बोटीतले पाहुणे हसले होते. तिला रिक्षात घालून अलिबागला नेणारा हरीच होता. तोच प्रसंग त्याने उचलून फुलाबाईला चिकटवला होता. मोडलेलं मनगट तेवढं वगळलं. ते विनोदात बसत नव्हतं ना... मला एवढं शरमल्यासारखं झालं की मी तिथून निघूनच आले. हरी मागून आला. जेवला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी माफी मागायला एकटाच गेला. ते बोलणं मला त्याच्याच तोंडून कळलं. गोमाकाकी म्हणाली होती, "माफी काय जवल्यात घालू? फुडचा काय लिवशील त्ये आदी हितं येऊन वाच. आमच्यावर लिव, न्हाय कोन बोलतंय? पन आमच्या म्होरं लिव."

मुंबईला गेल्यावर त्याने पुढचा भाग लिहिला, त्यात फुलाबाईचा हात प्लास्टरमध्ये. ती दारात बसून हुकूम सोडते आणि सोसायटीतली सगळी मोठी माणसं नाकाला फडकी बांधून कोलंबी सोलायला बसतात. तो भाग घेऊन तो गाडीने थळला आला, खळ्यावर वाचला आणि पहिल्यांदा त्याला ते दिसलं. एका जागी बायकांचे हात थांबले! लगेच कुणी हसलं नाही, कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. फक्त जवळ्यावरचे आठ-दहा हात अधांतरी राहिले आणि मग एकदम खदखदून सगळ्या हसल्या. वाहिनीच्या लोकांनी मात्र तो भाग परत पाठवला. प्लास्टर बघून लोकांचा मूड जातो, फुलाबाईला पुन्हा पाडा, असं त्यांचं म्हणणं पडलं. त्यांची काही भांडाभांडी झाली. महिन्याभरात हरी मालिका सोडून घरी आला.

मी त्याला किती बोलले! लाज वाटते आता. "लागलेली गाडी रुळावरून काढलीस, एका म्हातारीच्या शब्दासाठी!" असं म्हणाले. तेव्हा गोमाकाकी पन्नाशीचीही नव्हती, पण रागात माणूस काहीही बोलतो. "लोक हसतायत, पैसे मिळतायत, नाव होतंय, तुला आणखी काय पाहिजे?" तो भिंतीला टेकून बसला होता. म्हणाला, "ताई, लोक हसतायत हे खरंय. पण कुणाच्या बाजूने हसतायत ते बघ ना." मी म्हटलं, "तू आधी भाजी निवड." त्याने निमूट भाजी निवडली. लेख लिहिणाऱ्या मंडळींनो, तुम्ही ज्याला हट्ट म्हणता त्याची सुरुवात ही अशी, मेथी निवडता निवडता झाली.

त्यानंतर तीस वर्षं त्याने स्वतंत्रच काम केलं. कुणाच्या दावणीला बांधून घेतलं नाही. छोट्या मालिका, दिवाळीतले टीव्हीचे प्रहसनाचे कार्यक्रम, दोन सिनेमे, इतरांच्या सिनेमांतले प्रसंग दुरुस्त करून देणं, असं मिळेल ते. पण नियम एकच. काहीही लिहिलं की आधी खळ्यावर. सकाळी दहाच्या सुमाराला ऊन चांगलं चढलं, जवळा पसरून झाला की हा कागद घेऊन जायचा. निम्मे संवाद वाचायचा, निम्मे करून दाखवायचा. एक डोळा कागदावर आणि एक डोळा बायकांच्या हातांवर. हात चालू राहिले की समासात लाल पेन्सिलीने फुली. हात थांबले की बरोबरची खूण. बायका तोंडदेखलं हसल्या तर त्याला खपायचं नाही. "तोंड खोटं बोलतं ताई, हात नाही बोलत," म्हणायचा. कधी कधी मुंबईत सगळ्यांनी डोक्यावर घेतलेला अख्खा प्रसंग तो खळ्यावरून येऊन फाडून टाकायचा. मी कपाळावर हात मारून घ्यायचे. दिग्दर्शकांचे फोन यायचे, "हरीभाऊ, अहो ते चांगलं होतं!" हा म्हणायचा, "होतं की. पण गोमाकाकीने एक जवळासुद्धा खाली ठेवला नाही."

बायका मायेने ऐकायच्या असं कुणाला वाटेल तर तसं नाही हं. त्या कडक. "हरी, ह्या न्हाय चालायचा, ह्या मागल्या बारीला केलास तू," असं तोंडावर सांगायच्या. एकदा एक मोठे नट त्याच्याबरोबर आले होते, संवाद म्हणून दाखवायला. त्यांनी खूप हातवारे केले. एकही हात थांबला नाही. परतताना नट म्हणाले, "यांना विनोद समजत नाही." हरी म्हणाला, "समजतो. तुमचा समजला." ते नट पुन्हा त्याच्या सिनेमात आले नाहीत. मी विचारलं, कशाला तोडायचं माणसाला? तर म्हणे, "तुटलं कुठे? मुळात जोडलेलंच नव्हतं."

त्याचा पहिला सिनेमा 'जेट्टीवरचा साहेब'. फेरीबोटीचे प्रवासी मोजायला सरकारने पाठवलेला एक अधिकारी, एवढीच गोष्ट. दिघीलाच सगळं चित्रीकरण. सलीमभाई तेव्हापासूनचे मित्र. साहेबाला बसायला म्हणून हरी माझ्या ऑफिसातली खुर्ची मागायला आला. मी म्हटलं, "सरकारी मालमत्ता आहे, मिळणार नाही." खूप मागे लागला. मी म्हटलं, "अर्ज कर. मंजूर होईपर्यंत उभा राहा." झालं! त्याने सिनेमाच बदलला. अख्ख्या सिनेमात साहेब खुर्चीच्या मंजुरीची वाट बघत उभाच आहे. आधी ऐटीत उभा, मग टेकून, मग कोळणीच्या उपड्या टोपलीवर बसायची परवानगी मागतो आणि ती म्हणते, "अर्ज कर." खळ्यावर हे वाचलं तेव्हा, हरी सांगायचा, हात थांबले ते थांबलेच, जवळ्यावर कावळा येऊन बसला तरी कुणाला पत्ता नाही. तो विनोद माझा होता, हे मी आज पहिल्यांदा जाहीर सांगते आहे. त्याने नावांच्या पाटीत माझे आभार मानले होते, 'खुर्ची न दिल्याबद्दल'.

सिनेमा पडला. खोटं कशाला सांगू? अलिबागला एक आठवडा, पनवेलला चार दिवस, मुंबईत सकाळच्या कुठल्यातरी खेळाला. मग त्याने खळ्यावर दोन बांबूंना पांढरी चादर बांधून संध्याकाळी तो दाखवला. कोळीवाडा, आगरआळी, बौद्धवाडीतली माणसं, सगळी आली. बसायला जागा नव्हती, लोक होडीत बसून बघत होते. त्या संध्याकाळी मी हरीचा चेहरा बघितलाय. पराभूत म्हणे!

आता शेवटचं. किहीमच्या बाजूला नारळाच्या वाड्या जाऊन बंगले उभे राहिले, तसे ते सरकत सरकत आमच्या खळ्याच्या मागेही आले. शनिवार-रविवारची माणसं. समुद्र पाहिजे, होडीचा फोटो पाहिजे, तळलेला बोंबील पाहिजे, पण वाळणारा बोंबील नको. दोन वर्षांपूर्वी त्यांनी अर्ज केला की वास येतो, खळं हलवा. अर्जावर चाळीस सह्या. हरीने तो अर्ज वाचला आणि त्याला जो आनंद झाला तो काय सांगू! महिनाभर खोलीतून बाहेर आला नाही. तेरा भागांची मालिका लिहिली, 'वास समिती'. वास खरंच येतो का हे ठरवायला एक समिती नेमली जाते. समितीचे लोक रोज खळ्यावर येतात, आधी नाक धरून, मग नुसतेच, मग जेवायच्या वेळेला. शेवटच्या भागात समितीच्या अध्यक्षांना वास येतच नाही, आणि बायका आहेत तिथेच बसलेल्या असतात, जवळा निवडत. मी आयुष्यात कधी त्याच्या तोंडावर त्याची स्तुती केली नव्हती. तेरावा भाग ऐकल्यावर केली. म्हटलं, "हरी, हे बरं जमलंय." तो म्हणाला, "ताई, तब्येत बरी आहे ना तुझी?"

एका मोठ्या निर्मितीसंस्थेने ती घेतली आणि मग त्यांचे निरोप सुरू झाले. सगळं छान आहे, फक्त शेवट जरा सकारात्मक करू या. बंगल्यातली एक चांगली मॅडम बायकांना गावाबाहेर नवी, पक्की, पत्र्याची शेड मिळवून देते. बायका हसतमुखाने खळं सोडतात. मॅडमच्या हातात नारळ. हरी नाही म्हणाला. ते दर पंधरा दिवसांनी विचारत राहिले, हा दर पंधरा दिवसांनी नाही म्हणत राहिला. मी एकदा म्हटलं, "अरे, गोष्टच आहे ना ती?" तेव्हा तो माझ्यावर चिडला, तसा कधी चिडायचा नाही. "गोष्ट? खऱ्या अर्जाचा निकाल अजून लागायचाय, ताई! आज टीव्हीवर उठवलं की उद्या इथे येऊन उठवतील. म्हणतील, तुम्ही तर हसत हसत गेला होतात, आम्ही बघितलंय!" दिघीला तो गेला होता तोही यासाठीच. सलीमभाईंना आणि त्यांच्या मित्रांना सोबत घेऊन आपणच मालिका करायची, जमेल तशी, असं त्याच्या डोक्यात होतं. तिथून परतताना त्या बाकावर...

तो गेल्यावर विसाव्या दिवशी संस्थेची दोन माणसं आली. एक साहेब आणि एक चुणचुणीत मुलगी. अगदी सभ्य. फोटोला हार घातला, दोन मिनिटं उभे राहिले. हरीच्या खोलीतच बसलो, कारण बाहेरच्या खोलीत अजून पाहुण्यांच्या गाद्या पडल्या होत्या. साहेब म्हणाले, "ताई, सरांना ही आमची श्रद्धांजली असेल. पहिल्या पाटीवर एकटं त्यांचंच नाव. घराघरात पोचेल. वारस म्हणून फक्त तुमची सही लागेल." मुलीने करारनामा पुढे केला. मी म्हटलं, "वाचल्याशिवाय मी आयुष्यात कशावर सही केली नाही. बसा." आणि वाचायला घेतला, पहिल्या ओळीपासून. अकराव्या पानावर ते होतं. 'शेवटासह आवश्यक ते सर्व बदल.'

हे वाचूनही मी लगेच 'नाही' म्हणाले नाही. लिहायला जड जातंय, पण खरं आहे ते. मला ती पाटी दिसत होती. एकटं त्याचं नाव, मोठ्या अक्षरांत, घराघरात. आई डोळे बारीक करून शोधायची ते नाव. माझा भाऊ जन्मभर लिहून मेला आणि जगाने त्याची चार लेखांत चार 'पण' लावून बोळवण केली. एका शेवटाने असं काय होणार होतं? बायका तर खळ्यावरच आहेत, टीव्हीवर कुठेही जाऊ देत... माझा हात पेनाकडे गेला होता. खरंच गेला होता.

तेवढ्यात साहेबांनी रुमाल काढून नाकाला लावला आणि अतिशय नम्रपणे म्हणाले, "ताई, ती खिडकी जरा लावून घेता का? वास येतोय."

खिडकीखाली खळं. हरीचं टेबल त्याच खिडकीला लावलेलं. तेरा भाग त्याने त्या वासात बसून लिहिले होते, आणि हा माणूस 'वास समिती' विकत घ्यायला आला होता! मुलीच्या लक्षात आलं. ती बिचारी कानापर्यंत लाल झाली. साहेबांच्या नाही आलं. मी पेन उचललं आणि करारनाम्याच्या पहिल्या पानावर, वरच्या कोपऱ्यात, तीस वर्षं अर्जांवर लिहीत आले तसा शेरा मारला : 'नामंजूर. बायका जागा सोडणार नाहीत.' खाली सही, तारीख. साहेब म्हणाले, "ताई, भावनेच्या भरात निर्णय घेऊ नका. मग हे कधीच पडद्यावर येणार नाही. कुणी बघणार नाही." मी म्हटलं, "नका बघू. पण उठायचं नाही." जाताना त्या मुलीने माझा हात दाबला. खिडकी मी लावली नाही.

आता हे कधी पडद्यावर येईल का, मला माहीत नाही. सलीमभाई म्हणतात येईल, पण ते भले माणूस आहेत. मी आपली दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला तेराव्या भागाचे कागद घेऊन खळ्यावर गेले. हरीच्या मागे पहिल्यांदाच. मला वाचता येत नाही त्याच्यासारखं, नक्कल तर नाहीच. बायकांना कालचं सगळं कळलेलं होतं, कोळीवाड्यात काही लपत नाही. गोमाकाकी आता ऐंशीला टेकली आहे, डोळ्यांनी कमी दिसतं, जवळा बोटांनीच निवडते. तिने मान वर न करता मला विचारलं, "ताय, आमी उठलो क न्हाय?"

"न्हाय, काकी," मी म्हटलं.

"मंग वाच."